तुमचा हिरवा तारा कुणाला, कुठून दिसतो?

तुमचा प्रश्न मी असा समजले: तुमच्या कादंबरीतल्या राज्यावर 'मरकत' नावाचा हिरवा तारा आहे. तो उत्तरेला अढळ असतो, दर २७ वर्षांनी एकाएकी तेजाळतो आणि त्या काळात राज्यातली जादू जागी होते. मठातले पुजारी त्याला देव मानतात, वेधशाळेतले पंडित त्याची गणितं मांडतात. यातलं खरं कुणाचं ठरवायचं, आणि वाचकाला किती उलगडून सांगायचं, इथे तुम्ही अडला आहात.

मी वीसेक वर्षं अशा कल्पित जगांच्या कथा लिहिते आहे, आणि त्याहून जास्त वर्षं मुलांना घेऊन गावाबाहेरच्या माळावर आकाश बघायला जाते. दोन्हींच्या अनुभवावरून सांगते. तुम्ही सोबत दिलेला उतारा मी दोनदा वाचला. त्यात मरकतचं पुराण आहे, मरकतचं गणित आहे, पण मरकत कुठे दिसत नाही. तो कुठल्या महिन्यात, रात्रीच्या कुठल्या प्रहरी, किती उंचीवर, कुणाच्या अंगणातून दिसतो, याची एक ओळही नाही. पुजारी आणि पंडित दोघंही न पाहिलेल्या गोष्टीवरून भांडताहेत, म्हणून ते भांडण वाचकाला लागत नाही. तुमची खरी अडचण मला ही वाटते.

तेव्हा आधी ताऱ्याची चाल ठरवा. नुसत्या डोळ्यांना तो काय काय करताना दिसतो, एवढंच. पुराण आणि विज्ञान दोन्ही त्या चालीतूनच उगवतात, आणि चाल पक्की असली की दोघांना आपापलं बोलणं आपोआप सुचतं.

यात काही गोष्टी तुमच्या कथेवर अवलंबून आहेत. मरकत फक्त राजाच्या झेंड्यावर असेल आणि गोष्ट मुळात भाऊबंदकीची असेल, तर पुढचं निम्मं तुम्हाला लागणार नाही. शिवाय तुमच्या जगाला आपल्यासारखाच एक सूर्य आणि ३६५ दिवसांचं वर्ष आहे असं मी धरून चालले आहे. तसं नसेल तर सगळेच आकडे हलतील. तुमचा सूर्य आपल्या सूर्याच्या पाव तेजाचा केलात, तर तेवढीच ऊब मिळायला ग्रह निम्म्या अंतरावर आणावा लागतो आणि वर्ष साधारण १५५ दिवसांचं होतं. आपल्या हिशेबाने वीस वर्षांची असलेली नायिका तिथे स्वतःला सत्तेचाळीस वर्षांची म्हणवेल. अशी एक गोष्ट बदलली की सणवार, पिकं, लग्नाची वयं सगळं बदलतं, म्हणून बदलायचं तर समजून बदला.

चाल म्हणजे काय ते मला एका वाचकाने शिकवलं. माझ्या सुरुवातीच्या एका कथेत मी एक तारा वर्षभर रोज तिन्हीसांजेला पूर्वेला उगवता ठेवला होता. विदर्भातल्या एका शेतकरी वाचकाचं कार्ड आलं. त्यांनी लिहिलं होतं, मार्गशीर्षात दिवेलागणीला उगवणारा तारा ज्येष्ठातही दिवेलागणीलाच कसा उगवेल? बरोबर होतं त्यांचं. प्रत्येक तारा रोज सुमारे चार मिनिटं आधी उगवतो, म्हणजे महिन्याला दोन तास. सहा महिन्यांनी तो थेट सूर्याबरोबर उगवायला लागतो, आणि मग काही आठवडे दिसतच नाही.

त्या कार्डाने मला आणखी एक गोष्ट दाखवली, जी मी लहानपणापासून ऐकत होते पण पाहिली नव्हती. आपण म्हणतो, मृग लागला की पेरणी. ७ जूनच्या आसपास सूर्य मृग नक्षत्रात जातो. म्हणजे नेमक्या त्याच दिवसांत आकाशातला मृग सूर्याच्या उजेडात बुडालेला असतो. ज्याच्या नावाने शेतकरी आभाळाकडे बघतो, ते नक्षत्र त्या महिन्यात कुणालाच दिसत नाही! पुढचा पुनर्वसूचा पाऊस तरणा, पुष्याचा म्हातारा, तीही नक्षत्रं तेव्हा लपलेलीच. ताऱ्याचं न दिसणं हाही त्याच्या चालीचा भाग असतो, आणि माझ्या अनुभवात पुराणं बहुतेक वेळा तिथेच जन्म घेतात.

माझ्या स्वतःच्या एका जगातलं उदाहरण देते, म्हणजे हे सगळं हाताला लागेल. त्या किनाऱ्यावरच्या लोकांचा एक तांबूस तारा आहे. तो ३३२ दिवसांतून एकदा उजळतो, चाळीसेक दिवस दिसतो आणि परत नाहीसा होतो. लोक त्याला 'माहेरवाशीण' म्हणतात. ती आली की घराघरातून ओटीचे तांदूळ समुद्राला वाहतात. आता वर्ष ३६५ दिवसांचं आणि तिची फेरी ३३२ दिवसांची, त्यामुळे दर वर्षी ती ३३ दिवस आधी येते. कधी दिवाळीसारख्या सुगीत, कधी भर उन्हाळ्यात. दहा वर्षांत तिच्या बरोबर अकरा फेऱ्या होतात. आणि त्यातली एक फेरी अशी येते की तिचे ते चाळीस दिवस सूर्याच्या उजेडात जातात. किनाऱ्यावर क्षितिज धुरकट असतं, तारा फार तेजस्वी नाही, म्हणून तो वर्षातून साधारण सत्तर दिवस संधिप्रकाशात हरवलेला असतो. चाळीस दिवसांची भेट त्या सत्तर दिवसांत पूर्ण मावते.

मी कागदावर हे मांडलं तेव्हा कथा स्वतःच पुढे आली. हुकलेल्या फेरीच्या आदल्या खेपेला ती पहाटे पूर्वेला दिसते ती आधीच पूर्ण उजळलेली, आणि अठराएक दिवसांत विझते. पुढच्या खेपेला येतच नाही. त्याच्या पुढच्या खेपेला संध्याकाळी पश्चिमेला उजळू लागते आणि पूर्ण उजळण्याआधीच सूर्याकडे ओढली जाते. यातलं एकही वळण मी रचलेलं नाही, सगळं वजाबाकीतून आलं. मी फक्त त्याला सासर दिलं. किनाऱ्यावरच्या बायका त्या अर्ध्या भेटीच्या वर्षी म्हणतात:

पहाटेच्या उंबऱ्यात, आली म्हणेतो ती गेली,
लाल लुगड्याची लेक, सासूने माघारी नेली.

त्याच गावात होड्यांचा हिशेब ठेवणारी एक म्हातारी आहे. ती रोज एका दोरीला एक गाठ मारते. तिच्या आईनेही मारल्या होत्या. तिचं म्हणणं, सासूने अडवलं वगैरे काही नाही, त्या वर्षीही लेक आली होती, पण सूर्याच्या मागच्या दाराने. पुरावा काय? तर पुढची फेरी तिने गाठी मोजून दिवसाच्या अंदाजाने आधीच सांगितली होती. हे माझ्या जगातलं विज्ञान. दुर्बीण नाही, सूत्रं नाहीत, दोन पिढ्यांच्या गाठी आहेत.

आणि मी पुराणाला हरवलं नाही. कहाणीत म्हटलंय की निरोपाच्या दिवसांत लेकीचा चेहरा रडून जास्त लाल होतो. गाठी मोजणाऱ्या म्हातारीने रंगाकडे कधी लक्षच दिलं नव्हतं. असा तारा मंदावताना थंड होतो आणि खरोखर अधिक लाल दिसतो. म्हणजे रंगाचं निरीक्षण कहाणीने जपलं, दिवसांचं दोरीने. कथेच्या शेवटी दोघी एकत्र बसतात ते एवढ्यासाठीच. तुमचे पुजारी आणि पंडित यांच्यासाठी मला हेच सुचवायचं आहे: दोघांच्याही हाती खऱ्या आकाशाचा एकेक तुकडा द्या, आणि दोघांचंही एका ठिकाणी चुकू द्या.

ही चाल मी खऱ्या ताऱ्यावरून घेतली. तिमिंगल तारकासमूहात मीरा नावाचा तारा आहे. डेव्हिड फॅब्रिशियस या आकाश निरीक्षकांनी १५९६ मध्ये तो उजळलेला आणि मग नाहीसा झालेला पाहिला, आणि १६०९ मध्ये तो त्यांना पुन्हा दिसला. १६३८ मध्ये होल्वार्दा यांच्या लक्षात आलं की हा ठरावीक काळाने येतो-जातो. तो काळ सुमारे ३३२ दिवसांचा. हा म्हातारा, फुगलेला तांबडा तारा श्वास घेतल्यासारखा प्रसरण पावतो आणि आकुंचन पावतो. पण हे कारण माझ्या किनाऱ्यावर कुणालाच ठाऊक नाही, आणि कथेत ते कुठेच येत नाही.

आता मरकतकडे येऊ. पहिली अडचण रंगाची. एकटा तारा डोळ्यांना हिरवा दिसत नाही. ताऱ्याचा उजेड सगळ्या रंगांत पसरलेला असतो, आणि त्याचा जोर हिरव्या भागात असला तरी मिश्रण पांढरंच दिसतं. आपल्या सूर्याचं तसंच आहे. तांबडे, पिवळसर, पांढरे, निळसर तारे आहेत, हिरवे नाहीत. ज्येष्ठा नक्षत्रातल्या लाल ताऱ्याचा छोटा सोबती दुर्बिणीतून हिरवट वाटतो, तोही शेजारच्या लालीमुळे होणारा डोळ्यांचा भास. तुमचं जग जादूचं आहे, त्यामुळे तुम्ही खुशाल हिरवा तारा ठेवू शकता. पण मला त्याहून चांगली वाट दिसते.

व्याध क्षितिजाजवळ असताना नीट बघा. तो लाल, हिरवा, निळा असा भराभर रंग बदलत लुकलुकतो, कारण त्याचा उजेड हवेच्या जाड थरातून येतो. तोच व्याध आभाळात वर चढला की शांत, निळसर पांढरा. मरकतला व्याधाइतका तेजस्वी करा आणि उत्तर ध्रुवावर ठेवा. आता ध्रुवाची उंची म्हणजे त्या जागेचे अक्षांश. पुण्याहून आपला ध्रुवतारा क्षितिजापासून साडेअठरा अंशांवर दिसतो, श्रीनगरहून चौतीस, कन्याकुमारीहून जेमतेम आठ. (हात लांब करून मूठ धरली की ती सुमारे दहा अंश झाकते. मुलांना मी हेच माप शिकवते, तुमच्या पात्रांनाही ते पुरेल.) तुमचं राज्य कन्याकुमारी ते श्रीनगर एवढं धरलं, तर त्याच्या दक्षिण टोकाला मरकत मूठभरही वर येत नाही. तिथे उत्तरेला खाडी किंवा सपाट मैदान ठेवा, क्षितिज मोकळं हवं. तिथल्या लोकांना तो लुकलुकताना पाचूसारखा चमकून जातो. उत्तरेच्या डोंगराळ मुलखात तोच तारा साडेतीन मुठी वर, पांढराशुभ्र आणि स्थिर. दक्षिणेत त्याचं नाव मरकत, उत्तरेत कदाचित दुसरंच काही. दक्षिणेचे पुजारी म्हणतात देव हिरवा आहे, उत्तरेचे पंडित म्हणतात हिरवा कुणी पाहिला? दोघंही खरं बोलताहेत. तुमच्या भांडणाला आता पाया मिळाला.

फक्त राज्य तेवढं लांब हवं. एक अंश वर-खाली म्हणजे जमिनीवर सुमारे १११ किलोमीटर. तारा एक मूठ वर चढायला हजार-अकराशे किलोमीटर चालावं लागेल, रोज तीस किलोमीटर चाललं तरी महिन्याहून जास्त. अडीच मुठींच्या फरकाला तीन महिने. प्रवासातल्या पात्राने दर मुक्कामी मूठ धरून पाहिलं, तर वाचकाला अंतर कळेल आणि ताराही डोळ्यांसमोर राहील.

आपल्याकडे याचं सुंदर उदाहरण अगस्त्याचं. हा तारा पुण्याहून दक्षिणेला जास्तीत जास्त एकोणीस अंश चढतो, दिल्लीहून नऊच, श्रीनगरहून तीन, कन्याकुमारीहून मात्र एकोणतीस. दक्षिणेकडे चालत जाणाऱ्याला तो रोज थोडा थोडा वर येताना दिसणार. विंध्याला वाकवून दक्षिणेला गेलेल्या आणि परत न आलेल्या ऋषीचं नाव याच ताऱ्याला असावं, यात मला फार जुन्या वाटसरूंचे डोळे दिसतात. पावसाळा ओसरताना तो पहाटे परत दिसू लागतो, आणि अगस्त्य उगवला की गढूळ पाणी निवळतं असं आपली परंपरा सांगते. कहाणीत तर त्याने समुद्रच पिऊन टाकला. एका ताऱ्याच्या चालीतून दिशा, ऋतू आणि कथा अशी तीन कामं निघाली आहेत. मरकतलाही काम द्या. पुण्यासारख्या ठिकाणी कुणी लग्नात अरुंधती दाखवतं, कुणी ध्रुव दाखवतं. तुमच्या राज्यात मरकत कोण, कुणाला, कधी दाखवतं?

दुसरी अडचण २७ वर्षांची, आणि इथे तुमचा आकडा फार चांगला पडला आहे. सारथी तारकासमूहात एक तारा दर २७ वर्षांनी मंदावतो आणि सुमारे दोन वर्षं मंद राहतो. त्याच्यासमोरून काहीतरी मोठं, काळोखं, तबकडीसारखं सरकत जातं. अलीकडे हे २००९ ते २०११ मध्ये झालं. एकाएकी भडकणारे तारेही आहेत. उत्तर मुकुट तारकासमूहातला एक १८६६ मध्ये आणि मग १९४६ मध्ये भडकला होता, म्हणजे अंतर ऐंशी वर्षांचं. ऐंशी वर्षांत पाहिलेलं माणूस बहुधा उरत नाही. सत्तावीस वर्षांचं तसं नाही. ते एका पिढीचं अंतर आहे. एखाद्या आजीने ते तीनदा पाहिलेलं असतं: पाच वर्षांची असताना, बत्तीसाव्या वर्षी, एकोणसाठाव्या वर्षी. लहानपणी भीती, तरुणपणी काम, म्हातारपणी आठवण. अशी एक आजी कादंबरीत हवीच.

माझं मत विचाराल तर मरकतला तेजाळू देऊ नका, मंदावू द्या. ज्याच्यावर नावाडी दिशा ठेवतात, त्या ताऱ्याला किनाऱ्यावरचं पोट बांधलेलं असतं. भडकलेल्या ताऱ्याकडे लोक नुसते बघत राहतील. विझत्या ताऱ्यामुळे त्यांना काहीतरी करावं लागेल. पुजारी म्हणतील देवाने डोळे मिटले, पंडित म्हणतील समोर पडदा आला. जादू त्याच दोन वर्षांत जागी होते. ती ताऱ्यामुळे होते, पडद्यामुळे होते की लोकांच्या भीतीमुळे, हे तुम्हाला स्वतःला पक्कं ठाऊक हवं. पात्रांना ठाऊक नसलं तरी चालेल.

आणि एक धागा देते, पटला तर घ्या. पुजाऱ्यांचं वर्ष चांद्र असू द्या, ३५४ दिवसांचं, अधिक महिना न धरणारं. त्यांनी सत्तावीस वर्षं मोजली की मठाची यात्रा खऱ्या मंदावण्याच्या जवळपास दहा महिने आधीच भरते. लाखो लोक जमतात, मान वर करतात, आणि मरकत नेहमीसारखा लखलखीत. पंडितांचं गणित बरोबर येतं, पण यात्रा उलटून गेल्यावर त्यांचं ऐकायला कोण थांबलंय? पुजाऱ्यांचं कुठे खरं ठरेल तेही शोधा. कदाचित त्यांच्या जुन्या स्तोत्रात देव 'मध्येच एकदा पापणी उघडतो' असं असेल, आणि मंदावण्याच्या ऐन मध्यावर तारा खरंच किंचित उजळेल. पंडितांच्या पडद्याला मग भोक पाडावं लागेल.

इथवरचं जुळवून घेऊ. मरकत पांढरा आणि अढळ, दक्षिणेत खाली असल्याने हिरवा भासणारा. दर २७ वर्षांनी दोन वर्षं मंद. पुजाऱ्यांकडे स्तोत्र आणि चुकीचं पंचांग, पंडितांकडे अचूक मोजणी आणि मध्यातल्या उजेडाचं कोडं.

पंडितांच्या तोंडी आजची भाषा घालायचा मोह मात्र टाळा. दुर्बिणीशिवाय माणूस बराच लांब जातो. जॉन गुड्रिक या बहिऱ्या इंग्रज मुलाने १७८२-८३ मध्ये, विशीही पूर्ण झालेली नसताना, अल्गोल ताऱ्याचं मंदावणं नुसत्या डोळ्यांनी टिपलं. दर दोन दिवस, वीस तास, एकोणपन्नास मिनिटांनी तो मंदावतो हे काढलं आणि सुचवलं की एखादी काळोखी वस्तू त्याच्याभोवती फिरत असावी. तो एकविसाव्या वर्षी वारला. शंभरेक वर्षांनी, १८८९ मध्ये, त्याचं बरोबर होतं हे सिद्ध झालं. शेजारच्या ताऱ्यांशी तुलना, चिकाटी आणि एक धाडसी अंदाज, एवढी सामग्री तुमच्या पंडितांना पुरते. वेधशाळेतली एखादी विशीतली मुलगी असा अंदाज मांडते आणि तो खरा ठरलेला पाहायला ती उरत नाही, हे मला तुमच्या पंडितांच्या सगळ्या सभांपेक्षा जवळचं वाटतं.

राहिला शेवटचा भाग, वाचकाला किती सांगायचं. आपल्याकडे अरुंधतीदर्शनाचा न्याय आहे. बारीक अरुंधती एकदम दाखवता येत नाही, म्हणून आधी जवळचा ठळक वसिष्ठ दाखवतात आणि नजर तिथे ठरली की म्हणतात, आता त्याच्या अगदी कडेला बघ. माळावर मुलांना मी असंच दाखवते, आणि लिहितानाही हाच क्रम पाळते. आधी लोकांची सवय, मग कहाणी, आणि आकडा सगळ्यात शेवटी, तोही कुणाला त्याची गरज पडेल तेव्हाच.

तुमचं पहिलं प्रकरण सध्या पंडितांच्या सभेने सुरू होतं. ते चौथ्यावर ढकला. पहिल्यात दक्षिणेच्या खाडीवरची ती एकोणसाठ वर्षांची आजी आणि तिची नात होडी ओढताहेत असं लिहून बघा. आजी रोजच्यासारखी उत्तरेकडे मूठ धरते आणि थबकते. नात विचारते काय झालं. आजी म्हणते, "काही नाही, तू बघ, तुझी नजर चांगली आहे. हिरवा दिसतोय का?"